वार्निशपूरचा सुकलाल पेंटर

मला लाल आणि हिरवा हे दोन रंग वेगळे दिसत नाहीत. हे मी आजवर कोणालाही सांगितलेलं नाही. आईला नाही, बायकोला नाही, डोळ्यांच्या डॉक्टरला तर नाहीच. आणि माझा सगळा जन्म नंदुरबारला मिरचीच्या पथारीवर गेला. ज्यांनी पथारी पाहिली नसेल त्यांच्यासाठी सांगतो. गावाबाहेरच्या मोकळ्या रानात ओली लाल मिरची एकरांनी वाळत घातलेली असते. लांबून येणारे लोक गाडी थांबवून फोटो काढतात, "काय लाल आहे हो!" म्हणतात. मीही म्हणतो. मला तिथे सारवलेलं अंगण दिसतं.

त्या पथारीवर मी देखरेखीला होतो. कोणता ढीग पक्का, कोणता कच्चा, हे ठरवायचं काम माझं. ते मी कसं निभावलं याचं मलाच नवल वाटतं. वाळलेल्या मिरचीत बी खुळखुळतं, म्हणून मी मूठभर मिरची कानाशी नेऊन हलवायचो. आमचे शेट आल्यागेल्याला कौतुकाने सांगायचे, "आमचा माणूस मिरची कानाने पारखतो." उरलेलं काम जोमीबाई करायची. ती सातपुड्यातल्या मोलगीकडून दर हंगामाला येणाऱ्या बायांची मुकादम. तिचा आवाज पथारीच्या या टोकाहून त्या टोकाला जायचा. "ए, ती कच्ची आहे, बाजूला टाक!" असं ती बायांना ओरडली की मी लगेच त्या ढिगाकडे जाऊन गंभीर चेहऱ्याने म्हणायचो, "ही कच्ची वाटते." घरी बायको दोन साड्या पुढे धरून विचारायची, "कोणती घेऊ?" मी म्हणायचो, "तुला आवडेल ती." तिच्या बहिणींत माझं अजून नाव आहे.

पण मला लिहायचंय ते सुकलाल पेंटरविषयी.

सुकलाल माझ्यापेक्षा पंधरा-वीस वर्षांनी मोठा असेल. दुकानांच्या पाट्या रंगवणं हा त्याचा मूळ धंदा. फ्लेक्स आले आणि पाट्या गेल्या, तेव्हा तो आमच्याकडे पोत्यांवर मार्का मारायला येऊ लागला. मार्का म्हणजे पत्र्याच्या साच्यातून मारलेली खूण. पक्क्या मालाला लाल, कच्च्या-मिसळीच्या मालाला हिरवा. कोणत्या ढिगाला कोणता, ते मी सांगायचं आणि त्याने मारायचं.

तो कुंचला पुसायचा तो पायजम्याच्या उजव्या पायाला. त्यामुळे उजवा पाय म्हणजे धुळवड आणि डावा पाय स्वच्छ. लग्नाला निघाला की तो यजमानांच्या दिशेने डावी बाजू ठेवून चालायचा. आणि पाटी तो शेवटच्या अक्षरापासून लिहायचा. "सुरुवातले सगळाच जागा देतस," तो म्हणायचा, "शेवटना अक्षरना हाल व्हतस." त्यामुळे त्याचं काम अर्धवट असलं की गावात दोन-दोन दिवस नुसतं 'डर्स' किंवा 'डार' असं लिहिलेल्या पाट्या लटकायच्या. एका सलूनवाल्याच्या पाटीवर आठवडाभर नुसतं 'लून' होतं. गिऱ्हाइकं "लूनमध्ये जाऊन येतो" म्हणायला लागली आणि ती आजही तसंच म्हणतात.

वार्निशपूर उगवलं ते माझ्यामुळे.

शेटना पथारीच्या फाटकावर मोठी पाटी हवी होती, मधोमध माणसाएवढी लाल मिरची. रंगाचे डबे खोलीत माझ्या ताब्यात. चिठ्ठ्या पावसाने निघून गेलेल्या. मी एक डबा उचलून सुकलालला दिला. "हा घे, लाल."

त्याने झाकण उघडलं. डब्यात पाहिलं, मग माझ्याकडे पाहिलं.

"हाऊ लाल शे का, भाऊ?"

"मग काय? दिसत नाही का?"

त्याने कुंचला डब्यात बुडवला आणि म्हणाला, "दिसस ना. काब नही दिसाव?" आणि शिडीवर चढला.

दुसऱ्या दिवशी सकाळी शेट आले ते फाटकातूनच ओरडत. "कोणाचं डोकं फिरलंय? लाल मिरचीचा धंदा आपला, आणि फाटकावर हिरवी मिरची? मी काय भाजीवाला आहे?"

तेवढ्यात सुकलाल शिडीवरूनच म्हणाला, "शेट, मिरची लालच शे. तिनी बारी आजून वनी नही."

"कसली बारी?"

सुकलालची नजर इकडेतिकडे फिरली. खाली वार्निशचा डबा होता. "वार्निशपूरमा तसंच ऱ्हास, शेट. तठे सबन देसमा एकच लाल शे. पाटना पानीसारखा बारी बारी फिरस. सोमवारे ह्या गल्लीमा, मंगळवारे त्या गल्लीमा. बारी वनी नही तवलग मिरची हिरवीच ऱ्हास. तिना काय गुन्हा?"

शेट तापीकाठच्या शेतकरी घरातले. पाटाचं पाणी, बारी म्हणजे पाण्याची पाळी, चारीवरची भांडणं त्यांच्या रक्तातली. ते एकदम थांबले. "आणि कोणी बारी नसताना लाल फोडून घेतला तर?"

"घेतस ना. टमाटावाला घेतस. म्हनीसन तर त्यासना टमाटा आधी पिकस आन आधी सडस."

शेट हसले. इतके हसले की पाटी तशीच राहिली. "आमची बारी आली की लाल कर," म्हणाले. आठवड्याने सुकलालने स्वतःच डबा शोधून मिरची लाल केली, तेव्हा शेटनी नारळ फोडला.

तिथून वार्निशपूर वाढतच गेलं. लोक चहाला येऊन त्याला विचारायचे आणि तो बशीतून चहा ओढत एकेक कायदा सांगायचा. त्या देशात रंगांना वजन असतं. लाल सगळ्यात जड, म्हणून पिकलेलं फळ खाली पडतं. पिवळा हलका, म्हणून पानं उडतात. "निळाले वजनच नही, म्हनीसन तो वरच ऱ्हायना." गुलाबी म्हणजे लालने अंघोळ केलेलं पाणी. शेंदरी हा लालचा साडू. लग्नकार्यात लाल आला नाही तर तो येऊन बसतो आणि मान घेऊन जातो. तपकिरी म्हणजे सगळ्यांनी हात पुसलेलं फडकं. पांढरा हा रंग नाही, रजेवर गेलेला माणूस आहे. आणि पिवळा इतका स्वस्त की किराण्यावर फुकट देतात.

जोमीबाईने एकदा मिरची खुडता खुडता मान वर न करता विचारलं, "पेंटरदादा, आमच्या डोंगरात पळसाला कोण बारी देतो? तो तर एकदम सगळा लाल होतो."

"बाई, तो बारी मांगस नही. त्यानी आनी तुम्हना डोंगरना लोकेसनी, दोन्हीसनी मन्हा कायदा वाचेल नही."

"वाचेल नाही कारण तुझा कायदा कागदावर नाही," ती म्हणाली आणि बाया खिदळल्या.

थट्टा करता करता गाव त्यात कधी शिरलं ते कळलं नाही. पपईवाले एकमेकांना "पिवळ्याची बारी लागली का?" विचारू लागले. धानोऱ्याचा एक बाप मुलीच्या लग्नाची तारीख घेऊन खरोखर सुकलालकडे आला. त्या दिवशी लाल मोकळा आहे ना, शालूचा प्रश्न आहे. सुकलालने बोटं मोजून सांगितलं की लाल त्या दिवशी सकाळी मारुतीच्या देवळात ड्यूटीवर आहे, पण दुपारनंतर मिळेल, मुहूर्त गोरज घ्या. बापाने गोरज घेतला. भटजीला कारण काय सांगितलं, देव जाणे.

या सगळ्या कायद्यांत एक कायदा सुकलाल पुन्हा पुन्हा सांगायचा आणि त्यावर हसू द्यायचा नाही. वार्निशपुरात एखाद्याला 'हा रंग कोणता' असं विचारणं हा मोठा अपमान. "कोनले पगार इचारतस का चारचौघासमा? तसंच. रंग इचारानं नही. आज बारी कोनी, इतलंच इचारानं."

मला वाटायचं, येडा आहे, रंगात येऊन बोलतो. हा कायदा त्याने कोणासाठी केला होता हे कळायला मला फार उशीर लागला. खरं तर कळलं लवकर. मान्य करायला उशीर लागला.

कारण डबे बोलत होते. त्या पाटीनंतर केव्हातरी माझ्या लक्षात आलं की खोलीतल्या प्रत्येक लाल डब्याच्या झाकणाला अंगठ्याएवढा पोचा आहे, हिरव्याला नाही. नवीन डबा आला की दोन दिवसांत त्यालाही पोचा. मी त्याला विचारलं नाही, त्याने सांगितलं नाही. मी पोचा चाचपून डबा द्यायचो आणि तो घ्यायचा.

एकदा मात्र चूक माझ्या डोळ्यांची नव्हती, कानांची होती. नवापूरच्या पलीकडून एक गुजराती व्यापारी माल नेत असे. त्याने फोनवर सांगितलं, "आ वखते लीलो मार्को मारजो." मी ऐकलं 'नीळो'. सुकलालने सगळ्या पोत्यांवर निळा मार्का मारला. व्यापारी स्वतः आला, पोती पाहिली आणि कपाळाला हात लावला. "लीलो बोल्यो हतो, लीलो! आ तो भूरो छे!"

गुजरातीत लीलो म्हणजे हिरवा आणि भूरो म्हणजे निळा, हे आमच्याकडे शेंबड्या पोरालाही ठाऊक. मी मान खाली घालून उभा.

सुकलाल पुढे झाला. "शेट, नवापूरना चेकनाकावर तुम्हनं 'लीलो' तपासाले उतारं. गाडी हालनी, घाईमा चढनं तवय एक अक्षर तठेच राही गयं. आठे वनं तवय निळं व्हयेल व्हतं."

"तो मारो अक्षर पाछो कोण आपशे?" व्यापारी हरवलेलं अक्षर परत मागू लागला.

"जाताना नाकावर इचारा. भला लोके शेतस, ठेयेल व्हई."

व्यापारी पोट धरून हसला. पुढे तो फोनवर भाव विचारण्याआधी वार्निशपूरची खबर विचारायचा. सुकलालची कीर्ती अशी सुरतेच्या वाटेवर गेली.

आता मला जे सांगायचंय ते या कीर्तीमुळेच घडलं.

होळीला डोंगरातली माणसं पथारीवर थांबत नाहीत. सातपुड्यातली होळी म्हणजे त्यांचं वर्षाचं सगळं काही. शेटनी जादा मजुरी देऊ केली तरी जोमीबाई गाठोडं उचलून म्हणाली, "पैसे पुढच्या वर्षी पण मिळतील, होळी नाही मिळणार," आणि बाया जीपच्या टपावर चढून गेल्या. पथारी एकदम मुकी झाली. त्यातच त्या गुजराती व्यापाऱ्याची मोठी मागणी आली. एक ढीग पडून होता, तो पक्का का कच्चा, मला ठरवायचं होतं. मी मूठ कानाशी नेली. बी छान खुळखुळलं. कच्ची हिरवी मिरचीही उन्हात वाळली की तशीच खुळखुळते, हे माझ्या डोक्यात आलं नाही. इतकी वर्षं कान माझे होते, पण अक्कल जोमीबाईची होती.

"लाल मार," मी सुकलालला सांगितलं.

तो ढिगाकडे पाहत राहिला. शेटचा भाचा आणि दोन हमाल जवळच उभे होते. सुकलाल हळूच म्हणाला, "भाऊ, आज लालनी बारी नही वाटस."

त्याने याहून जास्त काय सांगायला हवं होतं? पण भाचा हसला. मला वाटलं, माझ्यावर हसला.

"पेंटर, तू मार्का मार. मिरची मला कळते."

त्याने लाल मार्का मारला. एकेक पोतं, सरळ, स्वच्छ.

माल परत आला. व्यापारी हसला नाही या वेळी. पक्क्याच्या नावाखाली कच्चा माल दिला म्हणून शेटची बाजारात छी-थू झाली. शेटनी सगळ्यांना फाटकाशी गोळा केलं. परत आलेलं एक पोतं फोडून ओतलं. "या मालाला लाल मार्का कोणी लावला?"

सगळे माझ्याकडे पाहत होते. म्हणजे तसं मला वाटलं. मी म्हणालो, "मी हिरवा मार म्हणालो होतो."

एवढंच. एवढ्या एका वाक्याने झालं.

भाचा त्या वेळी तिथेच होता. त्याने ऐकलं होतं. पण तो म्हणाला, "पेंटरचं डोकं वार्निशपुरात असतं, मामा. त्याला काय लाल आणि काय हिरवा!" आणि मग सगळ्यांनाच ते पटलं. ज्या माणसाने फाटकावर हिरवी मिरची रंगवली, लीलोचं निळं केलं, ज्याच्या देशात पांढरा रजेवर असतो, त्याला रंग दिसत नसणार. इतकी वर्षं आपल्या कसं लक्षात आलं नाही?

शेटनी खिशातून की शेजारच्या पोत्यातून, कुठून तरी एक मिरची उचलली आणि सुकलालच्या नाकासमोर धरली. "काय रे पेंटर, हा रंग कोणता? सांग."

सुकलालने मिरचीकडे पाहिलं. मग माझ्याकडे. तो बरोबर बोलला असता तर पुढची मिरची माझ्या नाकासमोर आली असती, हे आम्हा दोघांनाही कळत होतं. बाकी कोणाला नाही.

"हिरवी शे, शेट," तो म्हणाला.

त्याचं उत्तर चुकलं, हे मला लोक हसले तेव्हा कळलं.

त्याने साचे गोळा केले, कुंचले रॉकेलच्या डब्यात घातले आणि तो फाटकातून गेला. शेट बराच वेळ पुटपुटत होते, "आंधळा पेंटर! पेंटर, आणि आंधळा!" संध्याकाळपर्यंत ते गावभर झालं. त्याच्यासारखा विनोद नंदुरबारला पुन्हा मिळायचा नव्हता. पोरंटोरं त्याला अडवून स्वतःच्या शर्टाचा रंग विचारायची. "तुले आवडी तो," तो म्हणायचा. पण पाट्या बंद झाल्या. निवडणुकीच्या भिंती गेल्या. एका उमेदवाराचा माणूस म्हणाला, "हा आमच्या रंगात समोरच्याचं चिन्ह काढून ठेवील." देवळाचा कळस रंगवायचं ठरलेलं काम पुजाऱ्याने काढून घेतलं. अक्षर तेच, हात तोच, पण रंगाच्या बाबतीत सुकलालचा शब्द आता कोणी घेत नव्हतं. पेंटरकडे दुसरं असतं काय?

मला मात्र शेटनी ढिगाशेजारी खुर्ची दिली. "तू होतास म्हणून कळलं," म्हणाले.

जोमीबाई होळीहून परतली. तिने झालेलं ऐकलं, माझ्याकडे बघितलं आणि त्या हंगामात ती पहिल्यांदा हळू आवाजात बोलली. "पेंटरदादाला रंग दिसतो, भाऊ. मी त्याच्याकडून चोळीचं कापड निवडून घेतलं." मी म्हटलं, "बाई, कामाला लागा." नंतर ती ढीग पक्का असला तरी मुद्दाम ओरडूनच सांगायची. माझ्यासाठी की मला टोचायला, ते मला कळलं नाही.

सुकलाल गाव सोडून नवापूरला गेल्याचं कळलं. गेल्या वर्षी एका साखरपुड्याला मी नवापूरला गेलो होतो. महामार्गाला लागून कोंबड्यांच्या लांबलचक शेड. एका शेडला चुना देणारा शिडीवरचा माणूस मी पाठीवरून ओळखला. पाय तिकडे वळले. कसे ते माहीत नाही, कारण गावात असताना मी त्याला पाहून रस्ता बदलायचो.

"नाना," मी हाक मारली. एरवी मी त्याला पेंटरच म्हणायचो.

तो वळला, शिडीवरून उतरला, हात झटकले. केस पांढरे, भुवयांवर चुना. "अरे भाऊ! कवय वना? बठ, बठ." त्याने बादली पालथी करून मला बसायला दिली. पोरं काय करतात, शेटची साखर कशी आहे, यंदा भाव काय, सगळं विचारलं. आत शेडमध्ये हजारभर कोंबड्या एकाच सुरात कलकलत होत्या.

"चुना देतोस?" मी विचारलं.

"आठे दुसरा रंग चालस नही ना. कोंबडीले लाल दिसना का ती चोच मारस. एकीनी मारी का सगळ्या मारतस. मालकनी सांगेल शे, लाल फडकंबी आनानं नही." तो हसला. "मन्हाकरता बरंच शे. डोकाले ताप नही."

मी म्हणालो, "नाना, त्या दिवशी मी..."

"चहा ले आधी. निवी जाई."

मी चहा घेतला. चहा संपला तरी वाक्य तिथेच होतं. त्याने वाट पाहिली असं मला वाटतं, पण खात्रीने सांगता येत नाही. आतून मालकाने हाक मारली. सुकलाल उठला, माझ्या खांद्याला हात लावला, आणि माझ्या सदऱ्यावर पाच पांढरी बोटं उमटली ती झटकायला लागला. झटकली की ती आणखी पसरायची. शेवटी तो म्हणाला, "ऱ्हाऊ दे, घर धोवाई जाई," आणि शिडी चढून गेला. मी रस्त्यावरून वळून पाहिलं तेव्हा तो भिंतीच्या अगदी वरच्या कडेला हात पुरवत होता, आणि शेडच्या जाळीतून काही कोंबड्या मान वाकडी करून त्याच्याकडे पाहत होत्या.

हे इथे लिहिलं म्हणजे सांगितलं, असं मी धरत नाही. आमचे शेट वाचत नाहीत. ते अजून रोज सकाळी दुकानाच्या ओट्यावर बसतात, भाचा शेजारी असतो, बाजारातले चार लोक असतात. तिथे उभं राहून, त्या चौघांच्या देखत मला म्हणायचं आहे की लाल मार असं मीच सांगितलं होतं, सुकलालला सगळे रंग दिसतात, मला दिसत नाहीत. ते मी अजून म्हटलेलं नाही. सुकलालचं तेवढं देणं माझ्याकडे बाकी आहे.